पहिली निवड : टॉम बॉइडच्या एकसष्ट सामन्यांचे प्रकरण

मे २०१९ मध्ये मेलबर्नच्या वेस्टर्न बुलडॉग्ज या क्लबाचा फॉरवर्ड टॉम बॉइड याने तत्काळ निवृत्ती जाहीर केली. त्या वेळी तो तेवीस वर्षांचा होता, कराराची जवळजवळ अडीच वर्षे शिल्लक होती आणि ऑस्ट्रेलियन नियमांच्या फुटबॉलमध्ये, म्हणजे तिथे सगळे ज्याला नुसते ‘फुटी’ म्हणतात त्या खेळात, त्याच्याइतके मानधन घेणारे खेळाडू मोजकेच होते. सर्वोच्च स्तरावर, म्हणजे ऑस्ट्रेलियन फुटबॉल लीगमध्ये (एएफएल), तो एकूण एकसष्ट सामने खेळला : नऊ पहिल्या क्लबाकडून आणि बावन्न दुसऱ्याकडून. ज्या मुलाला सहा वर्षांपूर्वी देशातील सर्व होतकरू खेळाडूंमधून पहिल्या क्रमांकाने निवडले गेले होते, त्याच्या नावावर एकसष्ट सामने म्हणजे आकड्यांच्या भाषेत अपयशच. पण त्याच एकसष्टांपैकी एक सामना असा आहे की, तो नसता तर बासष्ट वर्षे विजेतेपदाची वाट पाहणाऱ्या त्या क्लबाची प्रतीक्षा कदाचित आणखी लांबली असती. ज्युनियर स्तरावरून व्यावसायिक स्तरावर जाण्याची वाट नेमकी कुठे अवघड होते, हे पाहण्यासाठी बॉइडइतके बोलके प्रकरण मला दुसरे दिसत नाही.

वाटेची रचना

मराठी वाचकाला या खेळाची एक ओळख आधीपासून असते, फक्त ती क्रिकेटमधून आलेली असते. नाताळच्या दुसऱ्या दिवशी कसोटी सामना जिथे सुरू होतो ते मेलबर्न क्रिकेट ग्राउंड हिवाळ्यात फुटीचे मैदान होते, आणि सप्टेंबरच्या अखेरीस किंवा ऑक्टोबरच्या सुरुवातीला होणाऱ्या अंतिम सामन्याला तिथे लाखाच्या घरात प्रेक्षक असतात. अंडाकृती मैदानावर दोन्ही बाजूंचे अठरा-अठरा खेळाडू असतात. मधल्या दोन उंच खांबांमधून चेंडू लाथेने पार केला की सहा गुणांचा गोल मिळतो, बाजूच्या आखूड खांबांच्या आतून गेला तर एक गुण. किकवर किमान पंधरा मीटर आलेला चेंडू मध्ये कोणाचाही स्पर्श न होता झेलला, तर त्याला ‘मार्क’ म्हणतात आणि झेलणाऱ्याला निर्वेधपणे किक मारण्याची मुभा मिळते. या शेवटच्या नियमामुळेच खेळात उंच माणसाला मोल आहे. गोलखांबांसमोर उभे राहून दोन-दोन बचावपटूंच्या अंगावरून चेंडू ओढून घेणारा ‘की फॉरवर्ड’ हा खेळातला सर्वांत दुर्मीळ माल समजला जातो.

लहान मुले ‘ऑसकिक’ या प्राथमिक कार्यक्रमातून सुरुवात करतात आणि पुढे वयोगटानुसार वस्तीतल्या क्लबाकडून खेळतात. व्हिक्टोरिया राज्यात पंधरा-सोळाव्या वर्षी निवडक मुलांना त्या त्या विभागाच्या संघात घेतले जाते, आणि हे विभागीय संघ ज्या अठरा वर्षांखालील स्पर्धेत खेळतात तिला बॉइडच्या काळी टीएसी कप म्हणत. त्यातले उत्तम खेळाडू राज्याच्या वतीने अठरा वर्षांखालील राष्ट्रीय स्पर्धेत उतरतात. मग हंगामाअखेरीस ‘कम्बाइन’ नावाची चाचणी होते. वीस मीटरची धाव, उभी उडी, लांब अंतराची धाव, उंची, वजन आणि हातांचा पल्ला मोजला जातो, वैद्यकीय तपासणी होते आणि क्लबांचे निवडकर्ते मुलाखती घेतात. नोव्हेंबरमध्ये राष्ट्रीय ड्राफ्ट भरतो.

ड्राफ्टला आयपीएलच्या लिलावासारखे समजण्याची चूक आपल्याकडे सहज होते, म्हणून फरक सांगून ठेवतो. इथे पैशांची बोली नसते. गुणतालिकेत तळाला राहिलेला क्लब सर्वांत आधी निवडतो आणि विजेत्याचा क्रमांक शेवटी येतो, जेणेकरून दुबळ्याला बळ मिळावे. नवोदिताचे सुरुवातीचे मानधन खेळाडू संघटना आणि लीग यांच्यातील सामूहिक कराराने ठरलेले असते. सर्वांत महत्त्वाची गोष्ट अशी की, मुलाला नकाराधिकार नसतो. ज्या क्लबाने नाव पुकारले त्या क्लबाच्या गावी त्याने जायचे. बारावीची परीक्षा आटोपते न आटोपते तोच सामान बांधून हजारेक किलोमीटर दूर राहायला जाणारी मुले दरवर्षी असतात.

सतराव्या वर्षीचा बॉइड

टॉम बॉइडचा जन्म २२ ऑगस्ट १९९५ चा. मेलबर्नच्या पूर्व उपनगरांत तो वाढला आणि ईस्टर्न रेंजेस या विभागीय संघाकडून टीएसी कप खेळला. २०१३ मध्ये त्याच संघाने ती स्पर्धा जिंकली. त्याची उंची सुमारे दोन मीटर होती. चेंडू हवेत असताना योग्य क्षणी झेप घेण्याची जाण होती, हात मजबूत होते आणि लांबवर किक मारण्याची ताकद होती. त्या वर्षीच्या मोसमात तो ज्या मुलांविरुद्ध खेळत होता, त्यांच्यापैकी फारच थोडी त्याच्या उंचीच्या जवळपास पोचत असत. पहिल्या क्रमांकावर त्याचेच नाव येणार, याबद्दल ड्राफ्टच्या कितीतरी आधीपासून फारसा वाद उरलेला नव्हता.

माझ्या मते प्रकरणाची पहिली गाठ इथेच आहे. अठरा वर्षांखालील स्पर्धेत उंच, भरलेल्या अंगाच्या फॉरवर्डला जे यश मिळते, त्यात कौशल्य किती आणि लवकर वाढलेल्या शरीराचा वाटा किती, हे वेगळे काढणे अतिशय कठीण असते. मिडफिल्डमध्ये खेळणारा मुलगा पुढच्या वर्षी मोठ्यांच्या संघात जातो तेव्हा त्याच्या पायांत तोच वेग असतो आणि नजर तीच असते. गर्दीतून वाट काढण्याची त्याची कला त्याच्याबरोबर येते. उंच फॉरवर्डचे तसे नसते. काल ज्यांना तो खांद्याने बाजूला सारत होता, त्यांच्या जागी आज सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचे, आठ-दहा वर्षे जिममध्ये घालवलेले बचावपटू उभे असतात आणि ते त्याला बाजूला सारतात. त्याचे मुख्य भांडवलच एका रात्रीत निम्मे होते. म्हणूनच या जागेवरच्या खेळाडूला मुरायला चार-पाच वर्षे लागतात, असे जाणकार मानतात.

त्याच २०१३ च्या ड्राफ्टमध्ये याचा पुरावा आहे. सत्तेचाळिसाव्या क्रमांकावर नॉर्थ मेलबर्नने बेन ब्राउन नावाचा एक उंच फॉरवर्ड घेतला. टास्मानियाचा हा खेळाडू आधीच्या ड्राफ्टमध्ये कोणाच्या नजरेत भरला नव्हता, मध्ये गुडघ्याची गंभीर दुखापत होऊन गेली होती आणि दुय्यम लीगमध्ये वेरिबी संघाकडून खेळत असतानाच त्याला एकविसावे लागले होते. पुढे २०१७, २०१८ आणि २०१९ या सलग तीन मोसमांत त्याने साठाहून अधिक गोल केले. ब्राउन बॉइडपेक्षा गुणवान होता, असा निष्कर्ष यातून काढता येत नाही. पण तो तीन वर्षांनी मोठा होता, पुरुषांच्या सामन्यांत पडून-झडून आलेला होता आणि सत्तेचाळिसाव्या क्रमांकाकडून कोणी चमत्काराची अपेक्षा करत नव्हते, हे मात्र खरे.

पहिल्या क्रमांकाची निवड करण्याचा हक्क ग्रेटर वेस्टर्न सिडनी जायंट्सकडे होता. हा क्लब २०१२ मध्ये लीगमध्ये आला आणि २०१३ मध्ये बावीसपैकी फक्त एक सामना जिंकून तळाला राहिला. त्याने बॉइडला घेतले आणि दुसऱ्या क्रमांकावर जोश केलीला. तिसरा जॅक बिलिंग्ज सेंट किल्डाकडे गेला, आणि चौथ्या क्रमांकावर वेस्टर्न बुलडॉग्जनी मार्कस बॉन्टेम्पेली हे नाव पुकारले. हे चौथे नाव वाचकाने लक्षात ठेवावे.

सिडनीतील एक मोसम

सिडनी हे रग्बी लीगचे शहर आहे. तिच्या पश्चिम भागात फुटी रुजवण्यासाठी लीगने मुद्दाम एक नवा क्लब उभा केला आणि त्याला पहिल्या काही ड्राफ्टमध्ये भरघोस सवलती दिल्या. परिणामी तिथे देशभरातली विशी न ओलांडलेली अव्वल मुले एकत्र आली. सुरुवातीच्या वर्षांत क्लबाने त्यांतील बहुतेकांची राहण्याची सोय ब्रेकफास्ट पॉइंट या वसाहतीत केली होती. कल्पना चांगली होती, पण त्यातून एक अडचण निर्माण झाली. ज्या मुलांना शिकवायला, सांभाळायला आणि मैदानावर अंगावरचे घाव झेलायला जाणती माणसे हवीत, तिथे सगळेच शिकाऊ होते. व्हिक्टोरियातून आलेल्यांपैकी अनेकांना घराची ओढ लागायची. ‘गो होम फॅक्टर’ हा शब्दप्रयोग त्या काळी जायंट्सच्या संदर्भात इतका रुळला की, दर ऑक्टोबरात, क्लबांमधील खेळाडूंच्या देवाणघेवाणीच्या म्हणजे ‘ट्रेड’च्या दिवसांत, कोण परत जाणार याची यादीच चर्चिली जाई.

बॉइडच्या जागेसाठीही गर्दी होती. जेरेमी कॅमेरॉन हा विलक्षण फॉरवर्ड संघात आधीपासून होता. २०११ च्या ड्राफ्टमधली पहिली निवड असलेला जोनाथन पॅटन हाही की फॉरवर्डच, आणि गुडघ्याच्या दुखापतीतून पुन्हा उभा राहण्याची त्याची धडपड चालू होती. २०१४ मध्ये बॉइड वरिष्ठ संघाकडून नऊ सामने खेळला. एकोणिसाव्या वर्षाच्या आतबाहेर असलेल्या दोन मीटर उंच फॉरवर्डसाठी पहिल्या मोसमात नऊ सामने ही संख्या अजिबात लाजिरवाणी नाही, उलट शहाण्या क्लबाने आखलेल्या वेळापत्रकाशी ती जुळते.

तिकडे मेलबर्नमध्ये चौथ्या क्रमांकाचा बॉन्टेम्पेली पहिल्याच वर्षी नियमित खेळत होता. वर्षातील सर्वोत्तम युवा खेळाडूचा ‘रायझिंग स्टार’ पुरस्कार त्याला अवघ्या एका मताने हुकला. तो ब्रिस्बेनच्या लुईस टेलरला मिळाला, आणि टेलर त्याच ड्राफ्टमधली अठ्ठाविसावी निवड होता. ड्राफ्टचा क्रमांक म्हणजे निवडकर्त्यांचा अंदाज, गुणपत्रिका नव्हे, हे एका वर्षात दिसून आले होते.

ऑक्टोबर २०१४

या प्रकरणातला निर्णायक आठवडा मैदानाबाहेरचा आहे. मोसम संपल्यावर बुलडॉग्जच्या कर्णधाराने, रायन ग्रिफेनने, आपल्याला जायंट्सकडे जायचे असल्याचे क्लबाला कळवले. कर्णधारच घर सोडून निघाला म्हटल्यावर गदारोळ उडाला आणि काही दिवसांतच प्रशिक्षक ब्रेंडन मॅकार्टनी यांनाही पद सोडावे लागले. ॲडम कूनी, शॉन हिगिन्स यांसारखे अनुभवी खेळाडू दुसरीकडे निघाले. बुलडॉग्ज हा मेलबर्नच्या पश्चिमेकडील कामगार वस्तीचा क्लब. मूळ नाव फुट्सक्रे. १९२५ मध्ये मोठ्या लीगमध्ये आला, १९५४ मध्ये एकमेव विजेतेपद मिळवले, १९८९ मध्ये दुसऱ्या क्लबात विलीन होता होता समर्थकांनी दारोदार वर्गणी गोळा करून तो वाचवला. आज टारनीट, पॉइंट कूक या पश्चिमेच्याच उपनगरांत भारतीय वंशाची मोठी वस्ती आहे आणि तिथल्या मराठी घरांतली मुलेही शाळेत गेल्यावर पहिला प्रश्न ऐकतात तो ‘तू कोणत्या क्लबाचा?’ हाच. अशा क्लबाला त्या ऑक्टोबरात रिकाम्या हाताने बसणे शक्य नव्हते.

अध्यक्ष पीटर गॉर्डन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जायंट्सपुढे मागणी ठेवली : ग्रिफेन हवा असेल तर बॉइड द्या. अखेर ग्रिफेन आणि सहाव्या क्रमांकाच्या निवडीचा हक्क यांच्या बदल्यात बॉइड बुलडॉग्जकडे आला. करार सात वर्षांचा झाला आणि त्याची रक्कम प्रसारमाध्यमांनी सुमारे सत्तर लाख ऑस्ट्रेलियन डॉलर सांगितली. म्हणजे वर्षाला दहा लाख. २०१५ मध्ये एका क्लबाला आपल्या सगळ्या खेळाडूंवर मिळून जेवढे खर्च करता येत असे, ती मर्यादा एक कोटीच्या आसपास होती. चाळीसहून अधिक जणांच्या तांड्यातील एका एकोणीस वर्षांच्या, नऊ सामने खेळलेल्या मुलाकडे त्या तिजोरीचा साधारण दहावा हिस्सा गेला.

या करारावर त्या वेळी भरपूर टीका झाली. नंतर ज्यांनी त्याचे समर्थन केले, तेही २०१६ च्या निकालावरून मागे वळून बोलत होते. मला दोन्ही बाजू अर्ध्याच पटतात. आर्थिक अंगाने पाहता क्लबाचा हिशेब चुकीचा नव्हता. उत्तम की फॉरवर्ड खुल्या बाजारात जवळजवळ कधीच मिळत नाही, मिळाला तर तिशीकडे झुकलेला मिळतो, आणि एकोणिसाव्या वर्षी सात वर्षांसाठी बांधून घेतलेला खेळाडू पंचविशी ओलांडेपर्यंत, म्हणजे ऐन उमेदीपर्यंत, हातात राहतो. चूक होती ती काळाच्या गणितात. करार सात वर्षांचा केला, पण अपेक्षेचे हप्ते पहिल्या महिन्यापासून सुरू झाले. ज्याच्या पगाराचा आकडा रोज वर्तमानपत्रात छापून येतो, त्याला शिकाऊ राहण्याची सवड कोण देणार? प्रत्येक हुकलेला झेल त्या आकड्याने भागला जाऊ लागला. संघातल्या तिशीतल्या खेळाडूंपेक्षा जास्त कमावणारा मुलगा चुका करत शिकतो आहे, ही गोष्ट प्रेक्षकांना समजावून सांगायला शब्द कोणाकडेच नव्हते. शिवाय एक बारीक फरक नजरेआड झाला. ग्रिफेनची जागा भरायला बॉइडला आणले नव्हते, दोघांच्या जागाही वेगळ्या होत्या, पण व्यवहार असा झाला की लोकांच्या मनात तो कर्णधाराच्या बदल्यात आलेला खेळाडू ठरला.

नवे प्रशिक्षक ल्यूक बेव्हरिज आले आणि संघाचा खेळ पाहता पाहता बदलला. २०१५ मध्ये बुलडॉग्ज बाद फेरीत पोचले. बॉइड मात्र आत-बाहेर होत राहिला. कधी वरिष्ठ संघात, तर कधी फुट्सक्रे या जुन्याच नावाने दुय्यम लीगमध्ये खेळणाऱ्या क्लबाच्या राखीव संघात. २०१६ च्या मोसमाचाही बराचसा भाग असाच गेला.

२०१६ चा सप्टेंबर

साखळी संपली तेव्हा बुलडॉग्ज सातव्या स्थानावर होते. त्या स्थानावरून पुढे जायचे तर चार आठवड्यांत चार बाद सामने जिंकावे लागतात, आणि सातव्या क्रमांकाच्या संघाने विजेतेपद मिळवल्याचे उदाहरण तोपर्यंत नव्हते. पहिला सामना पर्थला वेस्ट कोस्टविरुद्ध झाला आणि तो ४७ गुणांनी जिंकला. दुसरा सलग तीन वर्षांच्या विजेत्या हॉथॉर्नविरुद्ध, तोही जिंकला. तिसरा सिडनीत, आणि समोर कोण, तर जायंट्स. बॉइडला ज्या क्लबाने पहिल्या क्रमांकाने निवडले होते आणि ग्रिफेन ज्या क्लबाकडे गेला होता, त्याच क्लबाला बुलडॉग्जनी ८९-८३ असे सहा गुणांनी हरवले.

या बाद फेरीत बॉइडची भूमिका थोडी बदललेली होती, आणि माझ्या मते तांत्रिकदृष्ट्या हाच या प्रकरणातला सर्वांत शिकण्यासारखा भाग आहे. केवळ गोलसमोर उभे राहून झेलांची वाट पाहण्याऐवजी तो जॉर्डन रफहेडच्या जोडीने रकमनचे काम करू लागला. पंचाने चेंडू वर टाकला की दोन उंच खेळाडू झेपावतात आणि आपल्या मिडफिल्डकडे तो थापटून देतात, ते काम रकमनचे. नंतर तो मैदानभर चेंडूच्या मागे धावतो, बचावात मागे जातो आणि पुन्हा पुढे येतो. यात फॉरवर्डच्या जागेची कोंडी नसते. चेंडूपाशी सतत असल्यामुळे एक झेल सुटला तरी पुढच्या मिनिटात दुसरे काम समोर उभे असते. ज्या खेळाडूचे यश फक्त गोलफलकावर मोजले जात होते, त्याला प्रथमच असे काम मिळाले की ज्यात दिवसभर उपयोगी पडता येत होते.

शनिवार, १ ऑक्टोबर २०१६. मेलबर्न क्रिकेट ग्राउंडवर ९९,९८१ प्रेक्षक होते आणि प्रतिस्पर्धी होता सिडनी स्वान्स. तिसऱ्या क्वार्टरअखेर बुलडॉग्जची आघाडी फक्त आठ गुणांची होती. शेवटच्या क्वार्टरच्या उत्तरार्धात स्वान्सचा लान्स फ्रँकलिन चेंडू घेऊन वळत असताना डेल मॉरिस या बुजुर्ग बचावपटूने त्याला मागून धरले आणि चेंडू सुटून बॉइडपाशी आला. त्याने फार विचार केला नाही. सुमारे साठ मीटरवरून, समोर गोलखांबांपाशी कोणी नाही हे पाहून, त्याने जोरदार किक मारली. चेंडू टप्पा घेत, घरंगळत आत गेला. ज्यांनी तो क्षण पाहिला आहे, त्यांना चेंडू खांबांपाशी पोचेपर्यंतचा तो लांबलेला अवधी आठवत असेल. सामना ८९-६७ असा संपला. बॉइडचे तीन गोल आणि आठ मार्क होते. सामनावीराचे नॉर्म स्मिथ पदक जेसन जोहानिसनला मिळाले, पण त्या दिवशी बॉइड मैदानावरील दोन-तीन सर्वोत्तम खेळाडूंपैकी एक होता, याबद्दल दुमत नाही. वय एकवीस. १९५४ नंतरचे हे पहिले विजेतेपद, आणि बहुतेक समर्थकांच्या हयातीतले पहिलेच.

दुखापतीमुळे बाहेर बसलेला कर्णधार बॉब मर्फी याला बेव्हरिजने व्यासपीठावर बोलावून स्वतःचे पदक त्याच्या गळ्यात घातले. त्या दिवसाचे हे चित्र अधिक प्रसिद्ध आहे, आणि ते असावेही. पण ‘सत्तर लाखांची चूक’ हा शब्द त्या संध्याकाळनंतर पश्चिम मेलबर्नमध्ये कोणाच्या तोंडून निघेनासा झाला.

त्यानंतर

इथे थांबले असते तर हे यशाचे प्रकरण झाले असते. २०१७ च्या मध्यावर क्लबाने जाहीर केले की, बॉइड नैराश्यावरील उपचारांसाठी खेळापासून दूर राहणार आहे. त्या मोसमात तो परतला नाही. पुढे त्याने स्वतःच जाहीरपणे सांगितले की, निद्रानाश आणि भीतीचे झटके त्याला २०१७ च्या बरेच आधीपासून छळत होते. म्हणजे बाहेरून वाट सरळ दिसत असताना, ज्या दिवसांत त्याची किंमत ठरत होती आणि त्या किमतीवर वाद रंगत होते, त्या दिवसांतही आतमध्ये हे चालू होते. २०१८ मध्ये तो पुन्हा खेळला. त्यानंतर पाठीच्या दुखण्याने डोके वर काढले. मे २०१९ मध्ये त्याने निवृत्तीची घोषणा केली, तेव्हा शरीर आणि मन या दोन्हींची झीज त्याने कारण म्हणून सांगितली, आणि खेळण्याची आंतरिक इच्छाच उरली नसल्याचे मान्य केले. कराराची उरलेली वर्षे रेटून पगार घेत राहणे त्याला शक्य होते. तो तसे करून बसला नाही. तेव्हापासून तो शाळा, क्लब आणि कंपन्यांमध्ये मानसिक आरोग्याविषयी बोलत आला आहे.

यातून ‘पैशाने मुलगा बिघडला’ किंवा ‘दडपणाने आजार झाला’ असे सोपे कार्यकारण लावण्याचा मोह टाळावा, असे मला वाटते. नैराश्य हा आजार आहे, आणि पगार नसलेल्या, प्रसिद्धी नसलेल्या लाखो माणसांना तो होतो. फक्त इतके म्हणता येते की, व्यवस्थेने अठराव्या वर्षी त्याची वीस मीटरची धाव सेकंदाच्या शंभराव्या भागापर्यंत मोजली, उडी सेंटिमीटरमध्ये मोजली, आणि झोप येते का हे कोणी विचारले असेल तर ते एखाद्या मुलाखतीत, ज्या मुलाखतीचे खरे उत्तर देऊन आपला क्रमांक घसरवण्याची कोणत्याही मुलाला सोय नसते.

ताळेबंद

व्यवहाराचा दुसरा हिस्सा पाहिल्याशिवाय हिशेब पुरा होत नाही. सहाव्या क्रमांकाचा हक्क वापरून जायंट्सनी २०१४ मध्ये केलेब मार्चबँक या बचावपटूला घेतले. तो दोनच वर्षांत व्हिक्टोरियात परतून कार्लटनकडे गेला, म्हणजे बॉइड व्हिक्टोरियाला गमावलेल्या क्लबाने त्याच्या बदल्यात मिळालेला मुलगाही व्हिक्टोरियालाच गमावला. ग्रिफेन हा उत्तम खेळाडू होता, पण जायंट्सना त्याच्या काळात विजेतेपद मिळाले नाही. जोश केली, ज्याला बॉइडच्याच ड्राफ्टमध्ये दुसऱ्या क्रमांकावर घेतले होते, तो मात्र सिडनीतच राहिला, वाढला आणि देशातील अव्वल मिडफिल्डरपैकी एक झाला. आणि चौथ्या क्रमांकाचा बॉन्टेम्पेली, बॉइडपेक्षा तीन महिन्यांनी लहान, २०१६ च्या विजेत्या संघात बॉइडच्या बरोबरीने होता. त्याच वर्षी, विसाव्या वर्षी, त्याने क्लबाच्या सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार मिळवला आणि २०२० पासून तो कर्णधार झाला. एकाच शहरातून, एकाच ड्राफ्टमधून आलेली ही दोन मुले. एक मिडफिल्डर, आपल्याच शहरातल्या क्लबात चौथ्या क्रमांकाच्या माफक गाजावाज्यात आला. दुसरा फॉरवर्ड, पहिल्या क्रमांकाने परगावी गेला आणि वर्षभरात सत्तर लाखांचा होऊन परतला. दोघांच्या स्वभावांत किंवा गुणवत्तेत फरक असेलही, पण वाटेतील फरक नोंदवल्याशिवाय स्वभावाकडे बोट दाखवणे मला अन्यायाचे वाटते.

२०११ ते २०१४ या चार ड्राफ्टपैकी तीनमध्ये पहिली निवड की फॉरवर्डची होती : पॅटन, बॉइड आणि सेंट किल्डाने घेतलेला पॅडी मॅकार्टिन. पॅटनची कारकीर्द गुडघ्यांनी खाल्ली, मॅकार्टिनची डोक्याला वारंवार बसलेल्या माराने, आणि बॉइडचे वर सांगितलेच आहे. कारणे तिन्ही ठिकाणी वेगळी, म्हणून यातून नियम काढता येणार नाही. पण तिघांपैकी एकालाही पहिल्या क्रमांकाला साजेशी दहा-बारा वर्षे मिळाली नाहीत, आणि तरीही ड्राफ्ट जवळ आला की दोन मीटरच्या सतरा वर्षांच्या मुलाकडे पाहून निवडकर्त्यांचे डोळे आजही तसेच लकाकतात.

बुलडॉग्जना पुन्हा एकदा अशीच संधी आली. २०२० मध्ये क्लबाच्या अकादमीतून आलेला जमारा युगल-हेगन हा फॉरवर्ड पहिल्या क्रमांकावर त्यांच्याकडे आला. ॲडलेडने त्याच्यावर हक्क सांगितला आणि बुलडॉग्जनी अकादमीच्या नियमानुसार तो स्वतःकडे राखला. या वेळी क्लबाने घाई केली नाही. पहिल्या वर्षी तो मुख्यतः फुट्सक्रेच्या राखीव संघात खेळला आणि वरिष्ठ संघात त्याला फक्त पाच सामने मिळाले. मधल्या काळात तो संघाचा प्रमुख फॉरवर्ड झालाही. २०२५ च्या मोसमात मात्र वैयक्तिक कारणांमुळे तो वरिष्ठ संघाकडून एकही सामना खेळला नाही, आणि त्या ऑक्टोबरात, ट्रेडच्या दिवसांत, गोल्ड कोस्टकडे गेला. त्याची परिस्थिती बॉइडपेक्षा पूर्णपणे वेगळी आहे आणि दोघांना एका मापाने मोजणे चुकीचे ठरेल. बॉइडच्या अनुभवातून क्लब जे शिकला होता ते, म्हणजे वेळ देणे, त्याने या वेळी दिले होते.